बारा वाजेपर्यंत पूल उभा

त्या दिवशी सकाळी सात वाजता मी केबिनमध्ये चढले, तेव्हा रेडिओवर बातम्यांच्या जागी लष्करी बँड वाजत होता. मी नऊ वर्षांची असताना एकदा असाच बँड वाजला होता. त्यामुळे काय चाललंय ते मला कोणी सांगायची गरज पडली नाही.

आधी माझं काम सांगते. मी पूल चालवते. आमच्या नदीवरच्या पुलाचा मधला तुकडा उचलता येतो. मोठी बोट आली की दोन्ही बाजूंची फाटकं लावायची, घंटा वाजवायची आणि खटका ओढायचा. मग डांबराचा रस्ता, त्यावरचे पांढरे पट्टे, दिव्यांचे खांब असं सगळं हळूहळू आकाशाकडे तोंड करून उभं राहतं. माझी केबिन अलीकडच्या काठावर, अडतीस पायऱ्या वर. तीन बाजूंना काचा. पलीकडच्या काठावर शहर, मंत्रालयं, संसद, मोठं हॉस्पिटल. अलीकडे आम्ही, वाळूचे धक्के, गोदामं आणि तीन मैलांवर छावणी. छावणीतून शहरात गाड्या न्यायच्या तर हा एकच पूल. अकरा मैलांवर रेल्वेचा आहे, पण त्याच्यावरून रणगाडे जात नाहीत.

माझ्या आधी हे काम बाबा करायचे. तेहेतीस वर्षं केलं त्यांनी. आता गुडघे गेले होते, वय चौऱ्याहत्तर, आणि पुलाखालच्या क्वार्टरमध्ये माझ्याजवळ राहत होते. माझा नवरा जहाजावर, वर्षातले आठ महिने पाण्यात. त्यामुळे घरात आम्ही दोघंच. आणि आमच्या दोघांत एक न बोललेली गोष्ट.

ती गोष्ट अशी. मागच्या वेळी बँड वाजला तेव्हा छावणीतून रणगाडे निघाले होते आणि पूल नेमका वर होता. एक अधिकारी केबिनमध्ये आला, म्हणाला खाली घ्या, आणि बाबांनी घेतला. रणगाडे शहरात गेले. चौथ्या दिवशी माझ्या मामाला शाळेतून, भर वर्गातून उचलून नेलं. भूगोल शिकवायचा तो. परत आला नाही. आईनं त्यावर आरडाओरडा केला नाही. एकदाच, जेवताना, ताटाकडे बघत म्हणाली, "तुम्ही पूल खाली घेतलात." बाबा म्हणाले, "हुकूम होता." पुढची वीस वर्षं, आई जाईपर्यंत, या दोन वाक्यांत तिसऱ्याची भर पडली नाही.

या वेळी मात्र आम्ही मतदान केलं होतं. पावसापाण्याची पर्वा न करता माणसं रांगेत उभी राहिली होती, बाबांनासुद्धा मी खुर्चीत बसवून नेलं होतं. निकाल लागला, सरकार बदललं, आणि त्या दिवशी दुपारी बारा वाजता संसदेत नव्या पंतप्रधानांचा शपथविधी होता. साडेसातला बँड थांबला आणि एका जनरलचा आवाज आला. देश धोक्यात आहे, संसद बरखास्त केली आहे, नागरिकांनी घरात राहावं. मग पुन्हा बँड.

लगेच फोन वाजला. आमचे इंजिनिअर साहेब, पलीकडच्या ऑफिसातून.

"पूल खालीच ठेवायचा. कसल्याही परिस्थितीत उचलायचा नाही."

"कोणाचा हुकूम साहेब?"

"वरून आलाय."

"वरून म्हणजे कुठून? छतावरून?"

ते एरवी चिडले असते. आज चिडले नाहीत. म्हणाले, "बाई, मला दोन लेकरं आहेत. मी निरोप दिला. तुम्ही ऐकलात. संपलं." आणि फोन ठेवला. त्यांना मी दोष देत नाही. त्यांनी 'पूल खाली आहे का बघून सांगा' असं म्हटलं नाही, एवढंही त्या दिवशी पुष्कळ होतं.

मी काचेतून छावणीच्या रस्त्याकडे पाहिलं. गोदामांच्या मागे धूळ उठली होती. डोकं साफ होतं. शपथ झाली की सरकार कायद्यानं उभं राहणार आणि मग बाकीच्या पलटणींना ठरवावं लागणार कोणाचं ऐकायचं. शपथेआधी रणगाडे संसदेच्या दारात पोचले तर ठरवायला काही उरणारच नव्हतं. म्हणजे बारा वाजेपर्यंत पूल वर ठेवायचा. चार तासांहून जास्त. कसा, ते अजून माहीत नव्हतं, पण ठेवायचा.

आता नियम असा की, बोटीनं तीन लांब भोंगे दिले की पूल उघडायचा. अपवाद फक्त अग्निशमन आणि रुग्णवाहिकेचा. हा नियम केबिनच्या भिंतीवर काचेच्या चौकटीत लावलेला आहे, खाली शिक्का आणि सही. मी खिडकी उघडून खाली धक्क्याकडे पाहिलं. तिथे ओढबोट बांधलेली होती, मागे उंच क्रेनचा तराफा. बोटीचा मालक डेकवर दाढी करत होता. त्याला सगळी नदी 'भोंगा' म्हणते, कारण कावळा आडवा गेला तरी तो भोंगा वाजवतो. वीस वर्षं मी त्याला त्यावरून शिव्या देत आले होते.

"भोंगा!" मी ओरडले. "तीन दे! लांब!"

तो तोंडाला फेस तसाच ठेवून वर बघायला लागला. "कशाला? मला कुठे जायचंय?"

"पुलाखालून, पलीकडे!"

"आज? पलीकडे काय आहे?"

"अरे, अलीकडे काय येतंय ते बघ!"

त्यानं मान वळवली, धूळ पाहिली, आणि वस्तरा पाण्यात टाकून दिला. माणूस बडबड्या, पण कामाच्या वेळी एक शब्द वाया घालवला नाही. पाच मिनिटांत इंजिन सुरू झालं, आणि मग त्यानं असे तीन भोंगे दिले की केबिनच्या काचा थरथरल्या. आयुष्यात पहिल्यांदा मला तो आवाज गोड वाटला.

मी फाटकं लावली. घंटा दिली. पुलावर एक सायकलवाला आणि एक दुधाची गाडी होती, ती उतरेपर्यंत थांबले. ते मिनिट फार लांब होतं. मग खटका ओढला. रस्ता उचलायला लागला तेव्हा रांगेतली पहिली जीप गोदामाच्या वळणावर दिसली. ती वेगात आली, फाटकाशी कचकन थांबली. तोवर रस्त्याची भिंत झाली होती.

भोंगा खालून गेला. जाता जाता त्यानं आमच्या काठाच्या दोन्ही फेरीबोटीही दोर टाकून ओढून नेल्या. ते मी त्याला सांगितलं नव्हतं. पलीकडे पोचल्यावर त्यानं नांगर टाकला आणि राहिलेली दाढी करायला बसला असं लोक सांगतात. वस्तरा तर नदीत गेला होता, तेव्हा मला ते काही पटत नाही.

पायऱ्यांवर बुटांचा आवाज सुरू झाला. मी मुख्य बटण बंद केलं, पेटी उघडली आणि तीनही फ्यूज उपसून काढले. चिनीमातीचे, मुठीत मावणार नाहीत एवढे. ते एकामागून एक खिडकीतून नदीत टाकले. तिसरा पाण्यात पडला आणि दार उघडलं.

मेजर होता. माझ्याच वयाचा, चाळिशीचा. मागे चार शिपाई. तो ओरडला नाही. टोपी काढून काखेत धरली आणि म्हणाला, "बाई, पूल खाली घ्या."

"बोट गेली. नियमाप्रमाणे उघडला होता." मी भिंतीवरच्या चौकटीकडे बोट दाखवलं. खरं सांगते, त्यानं तो नियम वाचला. सगळा.

"बोट गेली ना? मग आता घ्या."

"फ्यूज नाहीत."

"कुठे गेले?"

"नदीत."

"कसे?"

"मी टाकले."

एक शिपाई हसला. विशीतला असेल. मेजरनं वळून पाहिलं तसा त्याचा चेहरा दगड झाला. मेजर पेटीजवळ गेला, रिकाम्या खाचा पाहिल्या. मग खुर्चीवर बसला, अगदी माझ्या खुर्चीवर, आणि म्हणाला, "तुम्हाला कळतंय ना, मी काय करू शकतो?"

"कळतंय."

"मग?"

"मग काय? कळतंय."

मला भीती वाटत नव्हती असं नाही. मी टेबलाला टेकून उभी राहिले. पण भीती एका बाजूला होती आणि ठरवलेलं दुसऱ्या बाजूला, आणि दोघांची गाठ पडत नव्हती.

त्यानं छावणीतून फ्यूज मागवले. ते बसले नाहीत, आमचा पूल जुना, त्याच्या खाचा वेगळ्या. एका तंत्रज्ञानं तार गुंडाळून पाहिली. ठिणगी उडून त्याची भुवई जळली आणि मोटरची एक गुंडाळी काळी पडली. नऊ वाजून गेले. खाली रणगाडे एकामागे एक उभे होते, इंजिनं चालू, धूर नदीवर पसरलेला. रेल्वेच्या पुलावरून पायी पार व्हायला ट्रकनं पाठवलेली तुकडी अडकल्याचं वायरलेसवर आलं. रेल्वेवाल्यांनी तिथे चार इंजिनं एकाला एक चिकटवून उभी केली होती, आणि पलीकडच्या टोकाला माणसांची एवढी गर्दी होती की गोळी चालवल्याशिवाय वाट नव्हती. गोळी चालवायचा हुकूम त्या तुकडीच्या अधिकाऱ्यानं मागितला आणि वर कोणी तो द्यायला तयार होईना.

मेजर घड्याळ बघत होता. मीही बघत होते. दोघांचं लक्ष एकाच काट्यावर.

"विजेशिवाय खाली घ्यायची काही सोय असेलच," तो म्हणाला. "वीज जाते तेव्हा काय करता?"

"वीज यायची वाट बघतो."

हे खोटं होतं. तळघरात दातेरी चाक आहे. त्याला दोन लोखंडी हँडलं बसवायची, एकेका हँडलला दोन माणसं, आणि दीड तास फिरवलं की पूल खाली येतो. हे तीन माणसांना माहीत होतं. मला, इंजिनिअर साहेबांना आणि बाबांना. सकाळी हँडलं काढून टाकायला मला वेळ झाला नव्हता. ती तळघरात तेलाच्या पिंपामागेच उभी असणार होती.

तेवढ्यात जो शिपाई मघाशी हसला होता, तोच म्हणाला, "सर, खाली क्वार्टरमध्ये एक म्हातारा आहे. यांचे वडील. तेच आधी पूल चालवायचे म्हणे."

"घेऊन ये," मेजर म्हणाला.

अडतीस पायऱ्या चढायला बाबांना पाऊण तास लागला. मध्ये दोनदा बसले. तो पाऊण तास माझ्या आयुष्यातला सगळ्यात वाईट. मला मेजरची भीती वाटत होती त्याहून बाबांची जास्त वाटत होती. हा माणूस आयुष्यभर नाकासमोर चालला. वरिष्ठानं बस म्हटलं की बसला, ऊठ म्हटलं की उठला. हुकूम होता, म्हणाला होता.

ते आत आले, धापा टाकत. मला पाहिलं, उभ्या रस्त्याला पाहिलं. चष्मा पुसला. मेजरनं उठून त्यांना खुर्ची दिली. बाबा बसले.

"आजोबा," मेजर म्हणाला, "विजेशिवाय हा पूल खाली घेता येतो का?"

"येतो," बाबा म्हणाले.

मी "बाबा!" म्हणाले. त्यांनी माझ्याकडे पाहिलंही नाही.

"दोन हँडलं आहेत. चार माणसं लागतात. दीड तासाचं काम."

मेजरचा चेहरा पहिल्यांदा खुलला. "कुठे आहेत?"

"ते मी सांगणार नाही."

मेजर त्यांच्या खुर्चीजवळ वाकला. खालच्या इंजिनांची घरघर येत होती.

"आजोबा, नीट ऐका—"

"नीटच ऐकतोय. कान शाबूत आहेत, गुडघे गेलेत. तुमच्यासारखाच एक साहेब एकतीस वर्षांपूर्वी इथेच उभा होता. तो म्हणाला खाली घे. मी घेतला. वर्षभरात माझ्या बायकोचा भाऊ, दोन घरं सोडून राहणारा शिंपी, आणि माझ्या शाळेतला मित्र, तिघंही दिसेनासे झाले. मला कोणी काही केलं नाही. मला बढती मिळाली." ते थांबले, श्वास घेतला. "मला येतं साहेब. येत नाही म्हणून खोटं बोलायचं नाही मला. मला येतं आणि मी करणार नाही."

मेजरनं शिपायांना पूल धुंडाळायला पाठवलं. त्यांनी तळघराचं कुलूप तोडलं. मी डोळे मिटून उभी होते. आता सापडतील, आता ओरडतील. दहा मिनिटं गेली, वीस गेली. एक हवालदार वर आला. दातेरी चाक आहे, म्हणाला, हँडलं नाहीत. त्यांनी पहारी लावून चाक फिरवायचा प्रयत्न केला, पहार वाकली.

हवालदार तापट होता. तो बाबांसमोर आला आणि म्हणाला, "कुठे ठेवलीस, बोल!" बाबा म्हणाले, "आधी अहोजाहो कर." त्यानं बंदुकीचा दस्ता हाणला. खांद्यावर बसला. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला. मी मध्ये पडले, एकानं माझे हात मागे धरले. मेजर "थांब!" म्हणून ओरडला, त्या दिवशी पहिल्यांदाच. हवालदाराला त्यानं खाली हाकललं. बाबा खुर्चीतून घसरून जमिनीवर बसले होते, चेहरा राखेसारखा. मी माझ्या ओढणीनं त्यांचा हात छातीशी बांधला.

"दुखतंय?" मी विचारलं.

"नाही, गुदगुल्या होतायत," ते म्हणाले. "किती वाजले?"

"अकरा वाजून दहा."

"बरं."

त्या पन्नास मिनिटांत मेजरनं वायरलेसवर दोनदा हुकूम विचारला. पहिल्यांदा 'काहीही करून पार व्हा' आलं. दुसऱ्यांदा कोणी उत्तरच दिलं नाही. तो खिडकीशी उभा राहून पलीकडच्या काठाकडे बघत होता. तिथे माणसं जमत होती, आधी पन्नासेक, मग मोजता येईनात. घोषणा नव्हत्या. नुसती उभी होती, उभ्या पुलाकडे बघत.

बारा वाजून चार मिनिटांनी रेडिओवरचा बँड मध्येच तुटला. खरखर झाली. मग एका बाईचा आवाज आला, नेहमीच्या बातम्यांचाच, जरा घाईचा. संसदेत शपथविधी पार पडला होता. दोनशे अकरा सदस्य हजर होते, काही जण पहाटेपासून आतच दारं लावून बसले होते. नव्या पंतप्रधानांनी सगळ्या पलटणींना आपापल्या छावणीत परतायचा आदेश दिला होता, आणि उत्तरेच्या दोन पलटणींनी तो मानल्याचं कळवलं होतं.

बातमी पुन्हा लागली, ती मेजरनं शेवटपर्यंत ऐकली. मग टोपी घातली. मला वाटलं आता आम्हाला धरून नेणार. तो वायरलेसजवळ गेला आणि स्वतःचं नाव, हुद्दा सांगून म्हणाला, "माझी तुकडी परत छावणीत नेतो आहे." एवढंच. पुढे चौकशीत त्याला याच वाक्यामुळे शिक्षा कमी झाली. मी साक्षीला गेले होते. जे पाहिलं ते सांगितलं, तो नियम वाचला होता तेसुद्धा, आणि हवालदाराचा दस्ताही.

रणगाडे वळायला लागले. अरुंद रस्ता, दोन तास तेच चाललं होतं. इकडे बाबांचा खांदा सुजून टम्म झाला होता. हॉस्पिटल पलीकडे. मी म्हणाले, "भोंग्याला खूण करते, बोटीनं नेऊ."

"बोटीनं?" बाबा म्हणाले. "पूल असताना? आणि ती पलीकडची माणसं घरी कशी येणार? पोहत?"

"मोटर जळली आहे बाबा. आणि हँडलं—" मग माझ्या डोक्यात आलं. "तुम्ही कुठे ठेवलीत?"

"माझ्या गादीखाली. सकाळी बँड ऐकला आणि घेऊन आलो. एकेक करून. तू खटका ओढायच्या आधीच." ते जरा कुरबुरले. "सकाळपासून त्याच्यावर बसलो होतो. तो पोरगा मला न्यायला आला तेव्हा म्हणतो, आजोबा, गादी फार कडक दिसते तुमची."

मी हसले आणि मला रडूही आलं, दोन्ही एकदम. तीस-तीस किलोची हँडलं या गुडघ्यांनी त्यांनी तळघरातून ओढत आणली होती. मला न विचारता. मी तिकडे वर त्यांना घाबरत होते, तेव्हा त्यांचं सगळं ठरून गेलेलं होतं.

मला तीन माणसं हवी होती. गोदामातले दोन हमाल लगेच आले. चौथा म्हणून तो हसणारा शिपाई पुढे आला. त्याची गाडी रांगेत शेवटची होती, निघायला वेळ होता. मेजरनं पाहिलं आणि न पाहिल्यासारखं केलं. आम्ही तळघरात उतरलो, हँडलं बसवली आणि फिरवायला लागलो. बाबांना खुर्चीत बसवून खाली आणलं होतं, कारण ते वर थांबायला तयार नव्हते.

"एका दमात जोर लावू नका," ते सांगत होते. "शिपाईदादा, पाठ सरळ. लढाईत नाहीयेस, काम करतोयस."

माझे तळहात सोलले. हमालांनी शर्ट काढून ठेवले. वीस मिनिटांनी जागा बदलायच्या, पाणी प्यायचं, पुन्हा धरायचं. वर फटीतून उजेडाची पट्टी दिसत होती, ती बारीक बारीक होत गेली. अडीच वाजत आले तेव्हा डोक्यावर धप्प असा आवाज झाला आणि सगळं तळघर हादरलं. पूल बसला होता. मी वर जाऊन दोन्ही कड्या लावल्या, फाटकं उघडली.

पलीकडून माणसं चालत यायला लागली. आम्ही बाबांची खुर्ची उचलली, एका बाजूला मी, दुसऱ्या बाजूला एक हमाल, आणि त्या गर्दीच्या उलट दिशेनं हॉस्पिटलकडे निघालो. लोक बाजूला होऊन वाट देत होते. मध्यावर पोचल्यावर बाबांनी मला थांबायला सांगितलं. मला वाटलं काही बोलतील. त्यांनी खाली वाकून जोडाच्या फटीत बघितलं आणि म्हणाले, "उद्या इथे ग्रीस लाव. सकाळपासून करकरतंय."